चित्र, निसर्ग आणि जुन्या ओळींवरून कविता: नव्याने लिहिणाऱ्यांसाठी पायरी पायरीने

एखादं चित्र बघून, झाडाखाली थांबून किंवा जुना श्लोक वाचून काहीतरी लिहावंसं वाटतं. वही उघडली की मात्र हाताशी येतात ती ठरलेलीच विशेषणं: सुंदर, अथांग, गूढ, निःशब्द. चित्र बाजूला राहतं, झाड बाजूला राहतं, आणि कागदावर उरतं ते फक्त आपलं भारावून जाणं. नव्याने लिहिणाऱ्यांच्या वह्या वाचताना हे मला पुन्हा पुन्हा दिसतं आणि हळहळ वाटते, कारण त्यांची बघण्याची ओढ अगदी खरी असते. ती कागदावर कशी आणायची, एवढंच कुणी सांगितलेलं नसतं. मी बरीच वर्षं अशा कविता लिहिते आहे. माझ्या हाती लागलेली रीत इथे क्रमाने मांडते.

आधी एक शंका दूर करू. ‘दुसऱ्याच्या कलाकृतीवरून लिहिलेली कविता म्हणजे उसनी कविता,’ असं अनेकांना वाटतं आणि ते बिचकतात. गीतेचे श्लोक सुमारे 700 आहेत. त्यांच्यावरून 1290 साली ज्या ज्ञानेश्वरीची रचना झाली, तिच्यात सुमारे 9000 ओव्या आहेत. आपल्या भाषेतली इतकी मोठी कविता आधीच्या एका ग्रंथाला धरून उभी राहिली आहे. तेव्हा मूळ कुठून घेतलं यावरून कवितेचा कस ठरत नाही. घेतल्यावर त्याचं काय केलं, यावरून ठरतो.

पुढच्या सगळ्या पायऱ्यांमागे माझं म्हणणं एकच आहे. चित्र, झाड, ओवी, काहीही घ्या, त्यात एक जागा अशी असते जिथे आपली नजर अडते. तिथे काहीतरी जुळत नसतं, कुणीतरी बोलायचं राहिलेलं असतं, एखादा तपशील उगाच तिथे असल्यासारखा वाटतो. कविता त्या जागेपासून सुरू करा. कौतुकापासून सुरू केलेली कविता बहुतेक वेळा कौतुकापाशीच थांबते.

सोबत काय काय हवं

- दोन वह्या. एक फक्त निरीक्षणाची, दुसरी कवितेची. एकाच वहीत दोन्ही केलं की निरीक्षण लिहितानाच आपण ‘काव्यमय’ व्हायला लागतो. वह्या वेगळ्या ठेवल्या की तो मोह आपोआप कमी होतो.
- चित्राची मोठी, स्पष्ट प्रतिमा. मूळ चित्रासमोर उभं राहता आलं तर उत्तमच. नाहीतर संग्रहालयांच्या संकेतस्थळांवर जा. न्यूयॉर्कचं मेट्रोपॉलिटन संग्रहालय (2017पासून) आणि ॲम्स्टरडॅमचं राइक्सम्युझियम हक्कमुक्त चित्रांच्या मोठ्या प्रतिमा मोफत उतरवू देतात. फोनच्या पडद्यावर चित्र बघू नका, कोपरे दिसत नाहीत.
- जुन्या साहित्याची टीपा आणि पाठभेद असलेली संपादित आवृत्ती. फॉरवर्ड होत आलेल्या ओळींवर कविता बेतू नका. त्यांतल्या कित्येक ओळी ज्याच्या नावावर फिरतात त्याच्या नसतातच.
- शब्दकोश. मोल्सवर्थचा (दुसरी आवृत्ती 1857) आणि दाते-कर्वे यांचा महाराष्ट्र शब्दकोश, दोन्ही इंटरनेटवर शोधता येतात. शेती, विणकाम, सुतारकाम अशा कामांतले नेमके शब्द तिथे मिळतात.
- झाडं, पक्षी, किडे ओळखायला एखादं पुस्तक किंवा ॲप.

1. एकच वस्तू निवडा

चित्रकार निवडू नका, त्याचं एक चित्र निवडा. पावसाळा निवडू नका, खिडकीच्या गजावर लोंबणारा थेंब निवडा. अख्खं महाकाव्य नको, एक प्रसंग किंवा एक ओळ पुरे.

इथला नेहमीचा सापळा म्हणजे अतिप्रसिद्ध वस्तू. व्हॅन गॉगवर लिहायला घेतलं की कापलेला कान, वेडेपणा आणि सूर्यफुलं न बोलावता हजर होतात. चित्र बघण्याआधीच त्याच्याबद्दलच्या गोष्टी डोक्यात भरलेल्या असतात. सुरुवातीला कमी बोललं गेलेलं काही घ्या: अनामिक कारागिराची मूर्ती, घरातला जुना फोटो, पुस्तकातला दुय्यम प्रसंग.

2. लिहिण्याआधी बघा, आणि वाटतं त्याहून जास्त वेळ बघा

सगळ्यात जास्त वेळ या पायरीला द्या. वीस मिनिटांचा गजर लावा. तेवढ्या वेळात निरीक्षणाच्या वहीत फक्त नामं आणि क्रियापदं लिहायची. विशेषणं बंद. ‘उदास म्हातारा’ लिहायचं नाही. ‘म्हातारा, हात गुडघ्यावर, बोट वाकलेलं, बूट एकच’ असं लिहायचं. उदासपणा असेल तर तो त्या एका बुटात येईल.

चित्र असेल तर स्वतःला काही साधे प्रश्न विचारा. उजेड कुठून येतो? चारही कोपऱ्यांत काय आहे? कोण कुणाकडे बघतंय, आणि कोण कुणाकडेच बघत नाही? चौकटीने काय कापलं आहे? चित्र खरोखर केवढं आहे? आकार जाणून घ्यायचा कंटाळा करू नका. तळहाताएवढं चित्र आणि भिंतभर चित्र बघताना आपलं शरीर वेगळं वागतं, ते कवितेच्या ओळीच्या लांबीतही उतरतं.

उदाहरण म्हणून ब्रसेल्सच्या शाही ललित कला संग्रहालयातलं सोळाव्या शतकातलं एक चित्र घेऊ. त्याचं नाव ‘इकारसच्या पतनासह निसर्गदृश्य’. ते बरीच वर्षं थोरल्या पीटर ब्रूगेलचं मानलं जाई. आता अनेक अभ्यासक त्याला हरवलेल्या मूळ चित्राची प्रत समजतात. सुमारे 73 सेंटिमीटर उंच, 112 सेंटिमीटर रुंद. ग्रीक कथा माहीत असेलच: डेडालसने मेण आणि पिसांचे पंख केले, त्याचा मुलगा इकारस सूर्याच्या फार जवळ गेला, मेण वितळलं आणि तो समुद्रात पडला.

माझ्या वहीतली या चित्राची नोंद अशी आहे: ‘नांगर धरलेला माणूस, लाल बाही, मान खाली. घोडा. खाली मेंढपाळ, काठीवर टेकलेला, वर बघतोय. कुत्रा. मेंढ्या. उजव्या कोपऱ्यात गळ टाकून बसलेला एक जण, हात पुढे. फांदीवर तित्तर. जहाज, शिडं फुगलेली. जहाजाच्या अलीकडे पाण्यात दोन पाय. सूर्य क्षितिजावर.’

ज्याच्या नावाने चित्र आहे त्याचे फक्त पाय दिसतात, आणि तेही शोधावे लागतात. हे विशेषणांच्या नोंदीत सापडलं नसतं.

3. नजर कुठे अडली ते शोधा

आता नोंद परत वाचा आणि जे जुळत नाही त्याखाली रेघ मारा.

याच चित्रात मी दोन ठिकाणी अडले. पहिली जागा सूर्याची. पंख वितळले ते सूर्य तापला म्हणून, मग तो क्षितिजाला टेकलेला कसा? इकारस किती वेळ पडत होता? दुसरी जागा मेंढपाळाची. तो वर बघतोय, पण आभाळात काहीच नाही. (याच रचनेच्या दुसऱ्या एका चित्रात डेडालस वर उडताना दिसतो, तिथे मेंढपाळाच्या नजरेचा अर्थ लागतो. ब्रसेल्सच्या चित्रात तो रिकाम्या आभाळाकडे बघतो.)

यानंतर मूळ कथा वाचली तर आणखी एक गोष्ट कळते. रोमन कवी ओव्हिडच्या ‘मेटामॉर्फोसेस’मध्येही (इसवी सन 8च्या सुमारास) कोळी, मेंढपाळ आणि नांगरणारा हे तिघं आहेत. तिथे ते उडणाऱ्या बापलेकांकडे थक्क होऊन बघतात, त्यांना हे देवच वाटतात. चित्रकाराने तीच तीन माणसं घेतली आणि त्यांच्या माना फिरवल्या. त्याने दीड हजार वर्षं जुन्या कवीचं म्हणणं तसंच्या तसं रंगवलं नाही, त्याला उत्तर दिलं. आपल्याला नेमकं हेच शिकायचं आहे.

या चित्रावरून पुढे अनेकांनी कविता लिहिल्या. डब्ल्यू. एच. ऑडन यांनी 1938 साली लिहिलेली कविता दुःख घडत असताना इतरांची रोजची कामं कशी चालू राहतात यावर थांबते आणि पुढे निघून जाणाऱ्या जहाजावर संपते. विल्यम कार्लोस विल्यम्स यांच्या कवितेत वसंत आहे, नांगरणी आहे, आणि शेवटी कुणाच्या लक्षात न आलेला पाण्याचा छोटा आवाज आहे. चित्र एकच, पण दोघांची नजर वेगवेगळ्या ठिकाणी अडली. म्हणून ‘यावर आधीच कुणीतरी लिहिलंय’ हे न लिहिण्याचं कारण होऊ शकत नाही.

अडलेली जागा सापडली की एका वाक्यात, प्रश्नाच्या रूपात लिहून वहीच्या वरच्या कोपऱ्यात ठेवा. प्रश्न सापडत नसेल तर वस्तू बदला. मी तरी बदलते.

4. बोलतंय कोण, ते ठरवा

त्याच प्रश्नाची कविता वेगवेगळ्या तोंडून वेगळी होते. बघणाऱ्याने बोलायचं? चित्रातल्या माणसाने? चौकटीबाहेर राहिलेल्या कुणी? की कलाकृती घडवणाऱ्या हातांनी?

शेवटचा मार्ग फार जुना आहे आणि अजून ताजा आहे. ग्रीक महाकाव्य इलियडच्या अठराव्या सर्गात अकिलीस या योद्ध्याच्या ढालीचं वर्णन येतं, ते ढाल घडत असताना येतं. देव-लोहार एकेक दृश्य ठोकत जातो आणि आपण ते उमटताना बघतो. वर्णन साचून राहत नाही, कारण प्रत्येक वाक्यात एक काम चाललेलं असतं. चित्रावर लिहिताना कविता कुंठली, तर ‘काय दिसतं’ हे सोडून ‘हे कसं केलं असेल’ असं लिहून बघा.

संगीतावर लिहिणाऱ्यांसाठी आपल्याकडे केशवसुतांची ‘सतारीचे बोल’ आहे. तिथे सतारीचा बोल ध्रुवपदासारखा परत परत येतो आणि ऐकणाऱ्याचं मन प्रत्येक कडव्यात बदललेलं असतं. सतार किती गोड वाजली, हे सांगत बसण्यापेक्षा तिने ऐकणाऱ्याचं काय केलं ते दाखवलं आहे.

मी वरच्या चित्रासाठी नांगरणाऱ्या माणसाचा आवाज घेतला. त्याला दम आहे, घाई नाही, म्हणून अभंगाचा छंद निवडला:

नांगराचा फाळ
जमिनीत खोल
कुणाचा हा बोल
पाण्यामध्ये

पाठीमागे काही
पडले असेल
सरी संपवेल
घोडा आधी

कवितेत इकारसचं नाव नाही, पंख नाहीत, सूर्यही नाही. चित्र न पाहिलेल्यालाही कुणीतरी बुडतंय आणि कुणीतरी वळून बघत नाही, एवढं कळतं. चित्र पाहिलेल्याला बाकीचंही कळेल.

5. निसर्गावर लिहिताना

निसर्गाला चौकट नसते, त्यामुळे अडलेली जागा शोधणं इथे जास्त कठीण जातं. त्यात आपल्या भाषेत निसर्गाचे इतके तयार शब्द आहेत की बघायची गरजच उरत नाही: रिमझिम पाऊस, मंद वारा, हिरवा शालू, मृद्गंध. पहिल्या खर्ड्यात हे आले तर येऊ द्या, दुसऱ्यात त्यातला एकही ठेवू नका.

दुसरा सापळा चेतनगुणोक्तीचा. झाड हसलं, नदी रुसली, डोंगर ध्यानाला बसला. हा अलंकार वाईट नाही, पण सुरुवातीला तो फार लवकर हाती येतो आणि झाडाचं झाडपण पुसून टाकतो. नवोदितांना मी सुचवते की पहिल्या काही कवितांत तो पूर्ण टाळा.

मग करायचं काय? वस्तूचं नाव माहीत करून घ्या आणि तिचं काम बघा. एकाच जागी, एकाच वेळी, सलग काही दिवस जा. तारीख, वेळ आणि घडलेली एक क्रिया एवढंच टिपा. जपानी कवी मासाओका शिकी (1867–1902) यांनी हायकूत ‘शासेई’ची, म्हणजे समोरचं बघून रेखाटन करण्याची रीत आणली. ती कल्पना त्यांनी चित्रकलेतून घेतली होती. मराठीत हायकू रुजवण्याचं काम शिरीष पै यांनी केलं. तीन ओळींचं हे बंधन निसर्गावर लिहू पाहणाऱ्याला फार चांगलं वळण लावतं, कारण त्यात भावना समजावून सांगायला जागाच नसते.

एक उदाहरण. कोळ्याचं गोल जाळं सगळ्यांनी पाहिलेलं असतं. त्यावर लिहायचं म्हटलं की दवबिंदूंचे मोती येतात. जाळ्याबद्दल थोडं वाचलं तर वेगळंच काही कळतं. मधून बाहेर जाणारे धागे चिकट नसतात, चिकटपणा गोल फिरणाऱ्या धाग्यांना असतो. गोल जाळं विणणारे अनेक कोळी जुनं जाळं स्वतःच खाऊन टाकतात आणि पुन्हा नवं विणतात. माझी नजर या खाण्यावर अडली:

कोळी संध्याकाळी
कालचं घर खातो
आणि त्याच पोटातून
आजचं काढतो

हे लिहून झाल्यावर पुढे ‘माणसाचंही असंच असतं’ अशा अर्थाची ओळ जोडायचा मोह होतो. जोडू नका. वाचणारा तिथवर स्वतः चालत येतो, आणि तुमच्या मनात नसलेल्या ठिकाणीही जातो.

निसर्ग आणि भावना यांचा मेळ पक्क्या नियमांनी घालणारी एक परंपराही बघून ठेवा. प्राचीन तमिळ संगम काव्यात पाच भूप्रदेश आहेत आणि प्रत्येकाला प्रेमातली एक अवस्था नेमून दिलेली आहे: डोंगराला मीलन, रानाला धीराने वाट बघणं, शेतजमिनीला रुसवा, समुद्रकिनाऱ्याला झुरणं, वैराण वाटेला ताटातूट. प्रत्येक प्रदेशाची वेळ, फूल, पक्षीही ठरलेले. तिथल्या कवीला ‘मी दुःखी आहे’ म्हणावं लागत नाही, किनारा दाखवला की झालं. आपल्याजवळ एवढी ठरलेली सांगड नाही, पण एका कवितेपुरती ती बांधता येते. एक जागा, एक मनःस्थिती, आणि त्या जागेबाहेरचा एकही शब्द नाही. करून बघा, फार मजा येते.

6. जुन्या साहित्यावरून लिहिताना

माझ्या सगळ्यात जिव्हाळ्याचा भाग हाच. जुन्या ओळीला हात घातला की आपण एका लांब चाललेल्या बोलण्यात सामील होतो, आणि तिथे नवख्यालाही जागा मिळते.

*राहिलेला आवाज.* मूळ कृतीत गप्प असलेल्या कुणाला बोलतं करायचं. इथे कर्ण, ऊर्मिला, अहल्या, एकलव्य यांच्यावर इतकं लिहिलं गेलं आहे की नव्या कवीला वाटच उरत नाही. जरा लहान पात्र शोधा. कालिदासाच्या ‘मेघदूता’त यक्ष मेघाला वाट सांगतो, निरोप सांगतो, विनवतो. मेघ शेवटपर्यंत एक शब्दही बोलत नाही, आणि यक्ष त्या गप्प राहण्यालाच होकार समजतो. मेघाला खरंच जायचं होतं का? ही अडण्याची अस्सल जागा आहे. या एका काव्यावरून संस्कृतात दूतकाव्यांची रांगच लागली. बाराव्या शतकात धोयीने वाऱ्याला दूत केलं. वाऱ्यानंतर आज कुणाला पाठवाल?

*उसना छंद.* आशय आजचा, साचा जुना. बा. सी. मर्ढेकरांनी 1940च्या दशकात यंत्रयुगातल्या शहराबद्दल लिहिताना ओवी-अभंगाचा साचा वापरला. भक्तीची चाल कानात असते आणि समोर गिरण्या, धूर, गर्दी असते, त्या घर्षणातून ती कविता पेटते. अभंगाचा हिशेब सोपा आहे: मोठ्या अभंगात चार चरण, पहिल्या तिघांत सहा-सहा अक्षरं, चौथ्यात चार, आणि दुसऱ्या-तिसऱ्या चरणांचं यमक. लहान अभंगात आठ-आठ अक्षरांचे दोन चरण आणि त्यांचं यमक. जोडाक्षर एकच मोजायचं. ‘मेघदूता’चं मंदाक्रांता मात्र अक्षरगणवृत्त आहे, प्रत्येक चरणात सतरा अक्षरं आणि लघु-गुरूंचा क्रम ठरलेला. तिथे लगेच हात घालू नका. आधी अभंग बोटांवर बसू द्या.

*ओळ घेऊन पुढे जाणं.* समस्यापूर्ती आपल्या परंपरेतच आहे: शेवटचा चरण दिलेला, आधीचे तुम्ही रचायचे. गझलेच्या तरही मुशायऱ्यात दिलेल्या मिसऱ्याच्या (ओळीच्या) वृत्तात आणि रदीफ-काफियात (अंत्यपदात आणि यमकात) सगळे गझल लिहितात. अलीकडचा एक प्रकार अमेरिकी कवी टेरन्स हेझ यांनी 2010 साली रूढ केला. त्यात ग्वेंडोलिन ब्रुक्स यांच्या कवितेतला एकेक शब्द नव्या कवितेच्या एकेका ओळीच्या शेवटी येतो, म्हणजे ओळींचे शेवटचे शब्द वरून खाली वाचले की जुनी कविता वाचली जाते. मराठीत हे करताना एक अडचण येते. आपलं वाक्य क्रियापदावर संपतं, आणि जुन्या ओळीतलं एखादं विभक्तीचं नाम ओळीच्या टोकाला लटकतं. तेव्हा वाक्य तिथे संपवू नका, ते ओळीवरून पुढच्या ओळीत वाहू द्या. मग ते लटकणंच कवितेचा श्वास होतं.

*कापणं आणि जोडणं.* जुन्या पानावरचे बहुतेक शब्द झाकून उरलेल्यांतून कविता काढायची, किंवा वेगवेगळ्या ओळी एकत्र शिवायच्या. दुसरा प्रकार चांगलाच जुना आहे, चौथ्या शतकात रोमन कवी ऑसोनियसने आधीच्या व्हर्जिल या कवीच्या ओळी जोडून लॅटिनमध्ये एक अख्खं काव्य केलं होतं. शब्द झाकण्यासाठी मराठी गद्य निवडताना छोट्या वाक्यांचं निवडा. लांब वाक्यांत प्रत्येक शब्द विभक्तीने दुसऱ्याला बांधलेला असतो आणि सुटा काढला की पांगळा होतो. जुनं सरकारी पत्रक, पाकक्रिया, यंत्राची माहितीपुस्तिका यांतून मला सर्वांत चांगल्या ओळी मिळाल्या आहेत.

प्रकार कोणताही घ्या, मूळ कृती पूर्ण वाचल्याशिवाय सुरू करू नका. सारांशावरून लिहिलेल्या कवितेत अडायला जागाच मिळत नाही, कारण सारांश करणाऱ्याने ती आधीच सपाट केलेली असते.

7. पहिला खर्डा, मग काट

खर्डा एका बैठकीत लिहा. यमकासाठी थांबू नका, शब्द सुचला नाही तर जागा मोकळी सोडा. नंतर एक-दोन दिवस वही मिटून ठेवा.

परत उघडल्यावर काट मारायच्या जागा ठरलेल्या असतात. पहिल्या दोन ओळी बहुधा घसा साफ करण्यात गेलेल्या असतात, त्या काढून कविता तिसरीपासून सुरू होते का बघा. शेवटची ओळ अर्थ समजावत असेल तर ती काढा. ‘जणू’, ‘जसं काही’, ‘वाटतं’ यांना एकेक करून हटवा आणि काय कोसळतं ते पाहा. मोठ्याने वाचा. जीभ जिथे अडखळते तिथे शब्दांचा क्रम चुकलेला असतो. लिहिण्यापेक्षा या कामाला जास्त वेळ लागला तर घाबरू नका, असंच असतं.

8. मूळ झाकून वाचायला द्या

कविता अशा माणसाला द्या ज्याने ते चित्र पाहिलेलं नाही, ती ओवी वाचलेली नाही. शीर्षक आणि टीप दोन्ही झाका. त्याला दोन प्रश्न विचारा: तुला काय दिसलं? कुठे थांबलास? ‘कळली का?’ विचारू नका, माणसं भिडेखातर हो म्हणतात.

त्याला काहीच दिसलं नाही, तर तुमची कविता अजून चित्राच्या आधाराने उभी आहे. दुसऱ्या पायरीच्या नोंदीतला एखादा ठसठशीत तपशील आत आणा. याउलट मूळ कृती चांगली माहीत असलेल्या माणसाने ‘हे तर मूळातच आहे’ म्हटलं, तर तुम्ही फक्त पुन्हा सांगितलं आहे. तिसऱ्या पायरीवरचा प्रश्न परत वाचा.

9. ऋण मान्य करा, हक्क तपासा

शीर्षकाखाली ‘अमुक चित्रावरून’ किंवा ‘अमुक यांच्या ओळीवरून’ एवढं लिहिलं की पुरतं. मूळ ओळ जशीच्या तशी वापरली असेल तर ती तिरप्या अक्षरांत किंवा अवतरणात ठेवा. ‘वाचणाऱ्याला कळेलच’ यावर विसंबू नका. न कळलेला वाचक ती ओळ तुमची समजतो, आणि कळलेला वाचक तुम्हाला चोर समजतो.

प्रेरणा घ्यायला कुणाची परवानगी लागत नाही. चित्राची प्रतिमा छापायला किंवा मोठा उतारा वापरायला मात्र लागू शकते. 1886च्या बर्न करारानुसार साहित्यावरचा हक्क लेखकाच्या मृत्यूनंतर किमान 50 वर्षं टिकतो. भारतात ही मुदत 60 वर्षं आहे आणि ती मृत्यूच्या पुढच्या वर्षाच्या सुरुवातीपासून मोजतात. पुष्कळ देशांत ती 70 वर्षं आहे. अनुवादाबाबत हमखास गफलत होते. मूळ काव्य हजार वर्षं जुनं असलं तरी त्याचा अलीकडचा अनुवाद अनुवादकाच्या हक्काखाली असतो. जुन्या ग्रंथाच्या ओळी अनुवादातून घेणार असाल तर अनुवादकाचं नाव द्या आणि गरज असेल तिथे परवानगी मागा, किंवा स्वतः अनुवाद करा. गाण्यांच्या ओळी आणि आजच्या छायाचित्रांच्या बाबतीत आधी विचारणं केव्हाही बरं.

10. पाठवताना

नियतकालिकाला किंवा स्पर्धेला कविता पाठवताना या गोष्टी एका फाइलमध्ये ठेवा: कवितेची शेवटची प्रत (युनिकोडमध्ये, ओळी तुटणार नाहीत अशी), मूळ कृतीचं नाव, कलाकाराचं किंवा लेखकाचं नाव आणि साल, प्रतिमा कुठून घेतली त्याची नोंद, परवानगीचं पत्र असेल तर तेही. शब्द झाकून केलेली कविता असेल तर मूळ पानाचा फोटो जोडा.

चित्राची प्रतिमा कवितेसोबत पाठवायची की नाही, हा निर्णय आठव्या पायरीवरून घ्या. चित्राशिवाय कविता उभी राहत असेल तर मी ती एकटीच पाठवते आणि टीप दोन ओळींची ठेवते. टिपेत चित्राचा अर्थ सांगत बसू नका. नाव, कलाकार, ते कुठे बघायला मिळेल, एवढं पुरे. ज्याला बघायचं आहे तो जाऊन बघेल.